डाव्या हाताचा गोटा

"गावलो?"

मी भुयाराच्या तोंडातून अजून पुरती बाहेरही आले नव्हते. कोपरं बाहेर, गुडघे आत आणि दातांत लाल माती. बाबा करवंदीच्या जाळीला पाठ लावून सड्यावर बसले होते.

"गावलो," मी म्हटलं.

त्यांनी हातातली विडी दगडावर घासून विझवली आणि ती नीट विझली की नाही ते वाकून पाहिलं. मग किटलीतला चहा झाकणात ओतून माझ्यापुढे धरला. निम्मा चहा त्यांच्याच बोटांवर सांडला, पण त्यांना भाजल्याचं कळलं नाही.

"आधी चाय घे. मगे सांग."

चहा गोडमिट्ट होता. मी तो घोट घोट करत मुद्दाम लांबवला, पण झाकणभर चहा किती वेळ पुरणार?

"खंय गावलो?"

"आंधळ्या फाट्यात. खालच्या खड्ड्यात."

बाबांनी मान वर केली. "थंय तू बघितलेलंस मां?"

याच प्रश्नाची मला धास्ती होती. उत्तर मी आतूनच तयार करून आणलं होतं. खड्ड्यापासून तोंडापर्यंत सरपटत येताना दुसरं काही केलंच नव्हतं. पण ते उत्तर काय होतं आणि का होतं, हे कळायला आधी दिगू कळायला हवा.

दिगू माझा धाकटा भाऊ. बाबा चिरेखाणीवर मुकादम होते आणि दिगू तिथलाच ट्रक चालवायचा. मी कोल्हापुरात एका कॉलेजात भूगोल शिकवायची आणि एका साप्ताहिकात गुहांवर लिहायची. गुहा म्हणजे लेणी नव्हेत, हे मला तेव्हाही दर आठवड्याला कुणाला तरी सांगावं लागे. लेणी माणसानं कोरलेली असतात. माझ्या गुहा पाण्यानं पोखरलेल्या, आत मूर्ती नाही, शिलालेख नाही, चिखल आणि वाघळं मात्र भरपूर. लोक ऐकून घेत आणि मग विचारत, "पण खजिना वगैरे काही सापडला का?"

आई वेगळं विचारायची. "सगळ्यांची चेडवां उजेडात न्होवरो बघतत. माझा एकटा काळोखात बघता. गावतलो काय थंय कोण?"

"गावलो तर वाघूळ गावतलो," दिगू म्हणायचा. "पण घरजावय होयत. उलटो टांगून ठेवलो की झाला."

आमच्या गावावरचा सडा जांभ्याचा. वरून बघाल तर काळं, उघडं माळरान. आतून घावनासारखं भोकाभोकाचं. पावसाचं पाणी वरून मुरतं, आतल्या भुयारांतून वाहतं आणि खाली आमच्या घरामागच्या व्हाळात निघतं. ते भुयार दिगूनं आणि मी मिळून पाहायला घेतलं होतं. सुट्टीला मी गावी आले की आम्ही दोघं आत आणि बाबा बाहेर. गुहेत शिरणाऱ्यांचा हा पहिला नेम आहे. एक माणूस बाहेर बसतो. काहीही झालं तरी तो आत येत नाही, कारण तोही आत गेला तर हाक मारायला कोणी उरत नाही. बाबांना हे काम फार आवडायचं. किटली, विड्या, एक जुनी छत्री घेऊन ते दिवसभर बसत आणि आम्ही बाहेर आलो की आमचे दोर, पिशव्या, बूट व्हाळावर नेऊन धूत. आत काय आहे हे त्यांनी कधी विचारलं नाही. "दगडाच्या पोटात काय आसतला? दगड," म्हणत. सगळा जन्म त्यांनी दगडच कापला होता.

"तू लिव, मी शिरतंय," अशी दिगूची आमच्या कामाची वाटणी होती. मीही शिरायचीच, पण त्याच्यासारखं नाही. त्याला आत डोळे लागतच नसत.

एकदा खूप आत गेल्यावर तो म्हणाला, "बत्ती विझव."

"कशाला?"

"विझव गो. तुका भुयार दाखवतंय."

दोन्ही बत्त्या विझवल्या. अंधार एवढा की डोळे उघडे आहेत की मिटलेले ते कळेना. तो म्हणाला, "आता बाहेर जा. डावो हात भितीवर ठेव आणि चल."

मी चालू लागले. हाताखाली खरबरीत, टोचणारा जांभा. भिंत वळेल तशी मी वळत होते. आणि मग कमरेच्या उंचीवर, एका कपारीत, हाताला एकदम गार आणि गुळगुळीत काहीतरी लागलं. परक्या गावात अंधारात घरचं माणूस भेटावं तसं मला झालं.

"लागलो?" मागून दिगूचा आवाज. "आता हात सोड. उजवीकडे वळ आणि समोर जा. ह्योच बाहेरचो रस्तो. गोटो लागलो की भीत सोडूची. नाय लागलो तर सोडूची नाय."

तो घरामागच्या व्हाळातला गोटा होता. आत जाताना दिगू असे गोटे पिशवीत भरून न्यायचा. जिथं जिथं भिंत सोडून वळायचं, तिथं तिथं एक ठेवायचा, आणि परत येताना उचलून खिशात टाकायचा.

"एवढं ओझं घरून कशाला आणतोस?" मी विचारलं होतं. "आत दगडांचा दुष्काळ पडलाय?"

"आतलो दगड आतल्या दगडासारखोच लागता. हाताक कळाक होया, ह्यो माझो म्हणान."

त्या वर्षी गणपती गेले आणि पाऊस थांबला. आभाळ इतकं स्वच्छ की लोकांनी वाळवणं घातली. मी रविवारी येणार होते. दिगूला धीर नव्हता. रविवारपर्यंत थांबला असता तर तो दिगू कसला? तो आदल्या दिवशीच आत गेला, बाबा बाहेर बसले, आणि दुपारी हस्ताचा पाऊस आला. तो पाऊस हत्ती सोंडेनं ओततो म्हणतात. सड्यावरचं सगळं पाणी एकाच वाटेनं खाली गेलं.

मी पोचले तेव्हा बाबा तिथंच होते, छत्री मिटलेली आणि स्वतः चिंब भिजलेले. हाका मारून मारून त्यांचा आवाज बसला होता. मोडलेला नेम एकही नव्हता. ते बाहेरचा माणूस होते आणि बाहेरच थांबले होते.

आम्ही शोधलं. कोल्हापूरहून माझ्या ओळखीचे गिर्यारोहक आले, गावचे लोक आले. आत एके ठिकाणी छत खाली वाकतं. तिथं आता छताला पाणी टेकलं होतं. दिगू त्या पाण्याच्या पलीकडे होता, जिवंत किंवा मेलेला. अलीकडचा कोपरान् कोपरा आम्ही पाहिला. पाण्याच्या अलीकडे एक मोठा फाटा आहे. आतून येताना उजवीकडची वाट बाहेर निघते, आणि डावी भिंत सरळ एका आंधळ्या वाटेत जाते. ती वाट थोड्या अंतरावर खोल खड्ड्यात संपते. बाकीचे फाट्यावर दोर धरून थांबले आणि मी एकटी तिकडे गेले. खड्ड्याच्या काठावर पालथी पडून बत्ती दोरीनं तळापर्यंत सोडली, फिरवली, पुन्हा फिरवली. तळाला ओला गाळ होता आणि त्यावर काहीच नव्हतं.

परत येताना फाट्यावरचा दिगूचा गोटा मला दिसला. कपारीत, जागच्या जागी. मी त्याला हात लावला नाही. आतला माणूस बाहेर येईपर्यंत त्याची खूण हलवायची नसते.

पाणी उतरेना. दर दुपारी पुन्हा पाऊस. आलेले लोक एकेक करून गेले. सरकारी माणसं येऊन वाकून बघून गेली. मग गोव्यात पाणबुडे मिळतात असं कोणीतरी म्हणालं, म्हणून मी गोव्याला गेले आणि ह्या दारातून त्या दारात फिरत राहिले. इकडे देवळात बाबलो गुरवानं कौल लावला. देवाच्या अंगावर चिकटवलेलं फूल उजवीकडे पडलं तर होय, डावीकडे पडलं तर नाही. "आत जीव आसा काय?" असं विचारलं होतं. फूल डावीकडे पडलं.

मी हात हलवत परत आले तर घरात दिगूचं दिवसकार्य सुरू झालं होतं. देह नसला की निदान जीवखडा लागतो. गेलेल्या माणसाच्या जागी एक खडा धरतात, दहाव्यापर्यंत तोच तो माणूस, त्यालाच पाणी, त्यालाच पिंड, आणि मग तो सोडून देतात. मला हे सगळं बघून संताप आला.

"तो मेलाय हे तुम्हाला कोणी सांगितलं? फुलानं?" मी ओरडले. आईबाबांशी मी मालवणीतच बोलते, पण भांडताना माझी भाषा कॉलेजची होते.

आई शांत होती. "पमे, तू आता त्या भुयारात जावचंस नाय."

"मी जाणार. पाणी उतरलं की—"

"माझी शपथ आसा तुका. एक गेलो. दुसरा दिऊचंय नाय मी. सडो सुकासर पाय टाकलंस तर माझा मेलेला तोंड बघशीत."

मी भांडले, रडले, दहाव्याला गेले नाही. पण शपथ मोडली नाही. सडा सुकेपर्यंत, म्हणजे माघापर्यंत, मी थांबले.

माघात आत गेले तेव्हा भुयार कोरडं ठाक होतं. छत वाकतं तिथं गुडघाभरही पाणी नव्हतं. पलीकडे चढावर एक कोरडी जागा होती. तिथं दिगूची मेलेली बत्ती होती आणि त्याचा शर्ट पिळून दगडावर वाळत घातलेला होता. कडेला भिंतीवरून पाणी झिरपत होतं, त्याच्याखाली त्यानं बत्तीचं झाकण लावून ठेवलं होतं. तो इथं राहिला होता. आम्ही अलीकडे हाका मारत होतो तेव्हा, आणि हाका थांबल्या त्यानंतरही. मी तिथं बसून राहिले. किती वेळ, ते सांगता येणार नाही.

पण दिगू तिथं नव्हता. आतल्या वळणांवरचे गोटेही नव्हते. म्हणजे त्यानं ते उचलले होते. म्हणजे पाणी उतरल्यावर तो निघाला होता, बत्तीशिवाय, उपाशी, डावा हात भिंतीवर ठेवून, बरोबर वाटेनं. वाकलेल्या छताखालून तो पार झाला होता. तिथून बाहेर यायला एकच वळण उरलं होतं.

मी धावतच फाट्यापर्यंत आले. कपारीत हात घातला. कपार रिकामी होती.

आधी मला वाटलं, पाण्यानं नेला. पण कपार कमरेएवढी उंच होती आणि पुराच्या गाळाची रेघ भिंतीवर माझ्या गुडघ्याखाली होती. मग वाटलं, दिगूनंच उचलला. मग तो बाहेर का आला नाही? मी त्या आंधळ्या वाटेत गेले, खड्ड्याच्या काठावर पूर्वीसारखीच पालथी पडले आणि बत्ती सोडली.

विजारीवरून ओळखला. त्यापलीकडचं मी कधी कोणाला सांगितलेलं नाही. मी दोरानं खाली उतरले. त्याच्या विजारीच्या खिशात गोटे होते, आतल्या प्रत्येक वळणावरचे. फाट्यावरचा तेवढा नव्हता.

आणि तेव्हा मला आईचं एक वाक्य आठवलं. गोव्याहून आले त्या दिवशी भांडणात ती म्हणाली होती आणि मी रागात ऐकून सोडून दिलं होतं. "तुझो बापूस कधी आत जावक नाय तो गेलो. मीच म्हटलंय, तेचो हात लागलेलो कायतरी हाडा. तर जीवखडो हाडल्यान. दिगूच्या हातचो."

मी समजले होते की त्यांनी तोंडाजवळचा एखादा जांभ्याचा तुकडा आणला असेल. पण बाबा आम्ही शोधताना बांधलेल्या दोराला धरून फाट्यापर्यंत गेले असणार. सगळीकडे खरबरीत जांभा, आणि त्यात एका कपारीत आपल्या व्हाळातला गोल गोटा. ज्या माणसानं जन्मभर दगड कापला त्याला तो चुकून तरी चुकेल? माझ्या पोरानं इथं हात टेकला, हे त्यांना लगेच कळलं असणार. त्यांनी तो कपाळाला लावला असेल आणि धोतराच्या सोग्यात बांधून आणला असेल. खुणेचं त्यांना काही ठाऊकच नव्हतं. त्यांनी कधी विचारलं नव्हतं आणि आम्ही कधी सांगितलं नव्हतं.

त्यानंतर, कधीतरी, दिगूचा हात त्या कपारीवरून गेला. काही लागलं नाही. नाही लागलं तर भिंत सोडायची नाही.

मी त्याच्या खिशातले सगळे गोटे काढून माझ्या पिशवीच्या तळाशी घातले. उद्या त्याला वर काढायला गावचे लोक येतील. त्यांना ते दिसायला नको होते. मग मी बाहेर निघाले, आणि बाबांनी विचारलं, गावलो?

"थंय तू बघितलेलंस मां?"

"बघितलेलंय," मी म्हटलं. "पण नीट बघूक नाय, बाबा."

"म्हणजे?"

"बत्ती पुरती खाली सोडूक नाय मी. घाय केलंय. तो पयल्याच दिवशी पडलेलो आसतलो. थंयच होतो. माका दिसूक नाय."

सड्यावर वारा होता, वाळलेलं गवत सळसळत होतं.

"तेका तरास झालो काय गो?"

"नाय. पडलो तेवाच गेलो."

"पयल्याच दिवशी?"

"पयल्याच दिवशी."

त्यांनी मान हलवली. मग माझी पिशवी आणि दोर उचलले. "दी ते. धुवून टाकतंय," म्हणाले आणि पुढे चालू लागले. मी पिशवी मागून घ्यायला हवी होती. पण मागितली असती तर त्यांनी कारण विचारलं असतं, आणि पिशवी धुणं हे त्यांचं नेहमीचंच काम होतं.

घरी आईला मीच सांगितलं. तेच, तसंच. ती चुलीपुढे बसली होती. ऐकून तिनं फुंकणी खाली ठेवली.

"कपाटामागे पडलेली सुई गावता तुका," ती म्हणाली. "सगळो मुलूख तुझा लिवलेला वाचता. आणि तुका भाव दिसूक नाय?"

"नाय दिसलो, आये."

"माझो झील थंय पडान होतो. आणि तू वरच्यावर बघून इलंस. आम्ही खडो पुजत बसलो."

तिचा हात वर झाला. ती मारेल असं मला वाटलं, आणि मारावं असंही वाटलं. पण तिनं हात परत मांडीवर ठेवला.

त्यानंतर आई माझ्याशी थेट कधी बोलली नाही. मी दिवाळीला यायची, मे महिन्यात यायची. ती माझ्यासाठी घावने करायची, खोबऱ्याच्या रसात गूळ घालायची, आणि बाबांकडे तोंड करून म्हणायची, "तिका सांगा, पान वाढलंय." मी अंगणात आले की ती मागच्या दाराला जायची. एकदा मला ताप आला तेव्हा रात्रभर माझ्या कपाळावर पट्ट्या बदलत होती. सकाळी मी "आये" म्हटलं तर उठून गेली.

गावातही बोलणं पसरलं. भुयारां बघणारी बाय, भावाक बघूक नाय. कोल्हापूरचे गिर्यारोहक माझ्याबरोबर यायला कां-कूं करू लागले, आणि त्यांचं बरोबरच होतं. ज्या माणसानं खड्डा नीट पाहिला नाही त्याच्या दोराला कोण लोंबकळेल? मी पुढे एकटीनं आणि परप्रांतातल्या लोकांबरोबर हिंडले. मेघालयात गेले, आंध्रात गेले. पुस्तकं झाली. आमच्या सड्यावरच्या भुयाराचं प्रकरण कुठल्याच पुस्तकात नाही. वाचक विचारत, ताई, तुमच्या गावच्या गुहेवर का लिहिलं नाहीत? मी म्हणे, तिथं लिहिण्यासारखं काही नाही.

मला ते जड गेलं का? गेलं. आईच्या मागच्या दाराकडे जाणाऱ्या पाठीकडे बघताना कितीदा तरी ओठांवर आलं की आये, मी नीट बघितलं होतं. पण मग पुढचं सगळंच सांगावं लागलं असतं, आणि खडा मागितला होता तिनं, आणला होता त्यांनी. मी गिळून टाकायची. एका घरात दुःख करायला एवढं पुरे होतं.

आई गेली ती आषाढात, झोपेतच. मी पोचले तेव्हा तिला नेण्याची तयारी झाली होती. तिचं सगळं झाल्यावर, पाहुणे पांगल्यावर, एका दुपारी मी आणि बाबा पडवीत बसलो होतो. बाबा आता फार वाकले होते. त्यांना दिसायचं कमी झालं होतं. ते सुपारी कातरत होते आणि मी भिजलेले कपडे दोरीवर सरकवत होते.

"पमे," ते म्हणाले, "तेवा तू खोटा बोललंस."

"कधी?"

"भुयाराच्या तोंडार. नीट बघूक नाय म्हणान सांगलंस, ता."

माझा हात दोरीवरच राहिला.

"तुझी पिशवी धुवूक घेतलेलंय मी," ते म्हणाले. "तळाक गोटे गावले. आपल्या व्हाळातले. एक मी आतसून हाडलेलो, आणि बाकीचे तुझ्या पिशयेत. खुणेचो गोटो मीच काढलेलो, मगे समजूचा काय रवला?"

"त्याच दिवशी समजलात?"

"व्हाळार बसलंय ना, थंयच. एकेक गोटो हातात घेतलंय. मगे परत पाण्यात टाकलंय."

पिशवीतले गोटे कुठं गेले हे मी कधी विचारलं नव्हतं. पिशवी स्वच्छ होऊन खुंटीला लागली होती, आणि मला वाटलं होतं की बाबांनी वाळूबरोबर झटकून टाकले असतील. तेवढ्यावर मी सुटकेचा श्वास सोडला होता.

"म्हणजे आईला तुम्ही सांगितलंच नाहीत," मी म्हटलं. माझा आवाज चढला. "ती माझ्याशी बोलत नव्हती. तुमच्यादेखत. इतकी वर्षं, बाबा!"

"सांगणार होतंय. रोज. तू येवच्या आधी तर दर येळी ठरवी. आज सांगतंय, उद्या सांगतंय."

"मग?"

बाबांनी अडकित्ता खाली ठेवला.

मीच त्यांच्या वतीनं बोलले. "तिनंच मागितलं होतं ना, हात लागलेलं काहीतरी. तिला कळलं असतं तर ती जगली नसती. म्हणून ना?"

"लोकांक मी असाच सांगलं असतंय," ते म्हणाले. "पण ता खरा न्हय. तिच्यासाठी नाय गप रवलंय. माझ्यासाठी." ते खालचा ओठ चावत राहिले. "ती माझ्यावांगडा जेवी, पमे. माझ्या पानात मासो काढून घाली. ता बंद झाला असता."

मला राग आला. म्हाताऱ्या बापावर, आई नुकतीच गेलेल्या घरात, पोटातून राग आला. माझी आई त्यांनी स्वतःसाठी ठेवून घेतली होती आणि मला तिची पाठ दिली होती. आणि त्याच वेळी मला हेही कळत होतं की हा माणूस रोज तिच्यासमोर पानावर बसत होता, तिनं काढून दिलेला मासा खात होता, आणि प्रत्येक घासाला त्याला ते ठाऊक होतं. त्यांनी माझं खोटं माझ्याइतकंच, तेवढीच वर्षं पाळलं होतं.

"निदान मला तरी सांगायचं होतं," मी म्हटलं. "आई राहू दे. मला. तुम्हालाही ठाऊक, मलाही ठाऊक, आणि दोघं एकमेकांसमोर चहा पीत बसलो. मला सांगितलं असतंत तर आपण दोघं मिळून एकदा रडलो तरी असतो त्याच्यासाठी."

बाबांनी माझ्या आवाजाच्या दिशेनं तोंड केलं. डोळे पांढुरके झाले होते. मी त्यांना कितपत दिसत होते कोण जाणे.

"मगे आता रडाया?" ते म्हणाले.

ते खरंच विचारत होते. मी ओले कपडे दोरीवर टाकले आणि त्यांच्याजवळ जाऊन बसले. फार उशीर झाला होता, तरी रडलो.